मुलाचं घड्याळ वेगळं चालत असेल तर?



‘प्रश्न विचारला की नुसता बघत बसतो.’ ‘सगळ्यांचं लिहून होतं, हिची फक्त तारीख झालेली असते.’ स्टाफरूममध्ये आणि पालकसभेत ही वाक्यं आपण नेहमी ऐकतो. आणि मग अशा मुलाला एक शब्द चिकटतो: मंद. एकदा चिकटला की तो दहावीपर्यंत निघत नाही. या शब्दाबद्दल मला आज बोलायचं आहे, आणि त्यासाठी एका विज्ञान कादंबरीची मदत घ्यायची आहे.

फिलिप के. डिक या अमेरिकन लेखकाची ‘मार्शियन टाइम-स्लिप’ ही कादंबरी १९६४ साली प्रसिद्ध झाली. गोष्ट मंगळावरच्या मानवी वसाहतीत घडते. मॅन्फ्रेड स्टायनर हा दहा वर्षांचा मुलगा कोणाशी बोलत नाही. त्याला स्वमग्न ठरवून वेगळ्या मुलांच्या छावणीत ठेवलेलं आहे. कादंबरीतला डॉक्टर एक नवीच उपपत्ती सांगतो. या मुलाची काळाची जाणीवच बिघडलेली आहे. आपलं बोलणं, आपल्या हालचाली त्याच्यापर्यंत फार वेगाने पोचतात, म्हणून त्याला काहीच पकडता येत नाही. मोबाईलवर एखादा व्हिडिओ चौपट वेगाने लावून बघा, म्हणजे कल्पना येईल. पुढे तर कळतं की मॅन्फ्रेडला भविष्य दिसतं. जी इमारत अजून उभीही राहिलेली नाही, ती त्याला मोडकळीला आलेली दिसते, आणि तिच्यात म्हातारा, असहाय झालेला तो स्वतःही दिसतो.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. हा आजार काल्पनिक आहे. स्वमग्नता काळाच्या बिघाडामुळे होत नाही. ती मेंदूच्या विकासातली एक वेगळी जडणघडण आहे आणि लहानपणापासूनच असते. त्या काळी स्वमग्नता आणि स्किझोफ्रेनिया यांची गल्लत व्हायची, तशी ती कादंबरीतही झालेली आहे. आईने माया लावली नाही म्हणून मूल असं झालं, असंही तेव्हा बरेच तज्ज्ञ मानायचे. ते चुकीचं ठरलं आहे. तेव्हा पालकांनो, गोष्ट वाचून मुलाचं निदान करू नका, आणि स्वतःला दोषही देऊ नका.

मग ही कादंबरी शिक्षकांनी का वाचावी? तिच्यातल्या शाळेसाठी. मंगळावरच्या त्या शाळेत यंत्रं शिकवतात. लिंकन, एडिसन अशा थोरांची रूपं त्यांना दिलेली आहेत. यंत्र बोलणार, मुलाने ठरलेला प्रतिसाद द्यायचा. जे मूल तसा प्रतिसाद देत नाही, त्याच्यात दोष आहे असं ठरतं आणि त्याची रवानगी छावणीत होते. म्हणजे बघा, यंत्राचा वेग कोणी तपासत नाही, तपासणी फक्त मुलाची होते. आजार खोटा असला तरी ही शाळा मला फारशी खोटी वाटत नाही.

आपलं काय होतं? तास ३५ मिनिटांचा, वर्गात चाळीस-पन्नास मुलं, पोर्शन संपवायची घाई. आपण प्रश्न विचारतो, पहिल्या बाकावरचा हात वर येतो आणि आपण पुढे जातो. मेरी बड रो या अमेरिकन संशोधिकेने वर्गातल्या या थांबण्याचा अभ्यास केला. प्रश्न विचारल्यावर शिक्षक साधारण एकच सेकंद थांबतात, असं त्यांना आढळलं. हेच थांबणं तीन सेकंदांपर्यंत वाढवलं, तेव्हा मुलांची उत्तरं मोठी झाली, एरवी गप्प बसणारी मुलंही बोलू लागली आणि काहीच उत्तर न येण्याचे प्रसंग कमी झाले.

‘एवढा वेळ कुठून आणायचा?’ असं तुम्ही म्हणाल. प्रश्न रास्त आहे. पण हिशोब करा ना. एका तासिकेत वीस प्रश्न विचारले आणि प्रत्येकाला दोन सेकंद जास्त दिले, तर होतात चाळीस सेकंद. हजेरी घ्यायला याहून जास्त वेळ जातो.

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ मध्ये स्वमग्नता आणि विशिष्ट अध्ययन अक्षमता या दोन्हींचा समावेश आहे. प्रमाणपत्र असेल तर अशा मुलांना परीक्षेत जादा वेळ मिळतो. चांगलंच आहे. पण परीक्षेच्या दिवशी मिळणारा हा वेळ तिसरीच्या वर्गात, रोजच्या तासाला का मिळू नये? आणि मूल जरा सावकाश विचार करतं, एवढ्यासाठी थांबायला प्रमाणपत्र कशाला लागतं?

मात्र ‘त्याचा वेग वेगळा आहे’ असं म्हणून डोळेझाकही करू नका. मुलाला ऐकू नीट येतं का, फळा दिसतो का, हे आधी बघा. फिटचा एक प्रकार असाही असतो की मूल पडत नाही, झटके येत नाहीत. बोलता बोलता काही सेकंद एकटक बघत राहतं आणि मग काही झालंच नाही असं पुढे चालू करतं. त्या मुलाच्या हातून तेवढा वेळ खरोखरच निसटलेला असतो, आणि आपण म्हणतो, ‘लक्ष कुठंय तुझं?’ असं वारंवार दिसलं तर ओरडू नका, तारीख-वेळ लिहून ठेवा आणि मुलाला डॉक्टरांकडे न्या. त्यावर उपचार आहेत.

कादंबरीत मॅन्फ्रेडचं मन शेवटी मंगळावरच्या मूळ रहिवाशांना कळतं. वसाहतीतले लोक त्यांना मागासलेले समजत असतात. पण त्यांना घाई नसते, आणि हा मुलगा त्यांच्यातच रमतो.

उद्या वर्गात एवढंच करून बघा. प्रश्न विचारा आणि मनात तीन आकडे मोजा. वर आलेले हात तसेच राहू द्या. शेवटच्या बाकावरून कोण बोलतं ते बघा, आणि पुढच्या पालकसभेत त्या मुलाच्या आईबाबांना ते आवर्जून सांगा.