मुदत टळल्यावरची दाद

शहापूर व मुरबाड हे तालुके आता मुंबईपासून दूर राहिलेले नाहीत. आसनगाव-वासिंदपर्यंत लोकलगाड्या धावतात. २०२५ साली इगतपुरी-आमणे टप्पा खुला होऊन समृद्धी महामार्गही पुरा झाला. मुंबई-ठाण्यात घर न परवडणारा नोकरदार येथे आयुष्याची पुंजी ओतत आहे. म्हणूनच अनधिकृत बांधकामावरील आदेश आणि त्याविरुद्धची दाद हा केवळ वकिलांच्या चर्चेचा विषय उरलेला नाही.

अशा प्रकरणांचा क्रम ठरलेला असतो. नोटीस निघते, ती बांधणाऱ्याच्या कपाटात पडून राहते. मधल्या काळात सदनिका विकल्या जातात. घरपट्टीची पावती हाती आली की घेणाऱ्यास घर कायदेशीर झाल्यासारखे वाटते. वस्तुतः घरपट्टी हा कर आहे, बांधकामाचा परवाना नव्हे. आणि गावठाणाबाहेर ग्रामपंचायतीचा नुसता दाखलाही पुरेसा नसतो. पुढे एके दिवशी पाडकामाचे यंत्र दाराशी येते आणि मग सारे न्यायालयाकडे धावतात. बैल गेला आणि झोपा केला, तशातलाच हा प्रकार!

कायद्याने दाद मागण्याची वाट ठेवलेली नाही, असे नव्हे. १९६६ च्या महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियमाच्या कलम ५३ अन्वये, नोटिशीतील मुदतीत बांधकाम कायम ठेवण्याच्या परवानगीसाठी अर्ज करता येतो, आणि त्याचा अंतिम निर्णय होईतो नोटीस अंमलात येत नाही. ही मुदत दवडली की मात्र वाट अरुंद होते. त्याच अधिनियमाच्या कलम १४९ ने दिवाणी दाव्याचे दार बहुतांशी बंद केले आहे. उच्च न्यायालयात रिट अर्जास ठराविक मुदत नसली, तरी अकारण विलंब करणाऱ्याकडे न्यायासन सहानुभूतीने पाहत नाही. मुदतीच्या कायद्यातील कलम ५ विलंब माफ करते, ते पुरेसे कारण दाखविणाऱ्यास. स्वस्थ बसलेल्यास नव्हे.

वरळीच्या कॅम्पा कोला आवाराचा धडा विसरण्याजोगा नाही. तेथे काम थांबविण्याची नोटीस १९८४ सालीच निघाली होती. बांधणाऱ्यांनी ती धुडकावली. २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने दिलासा नाकारला तो मात्र रहिवाशांना. केवळ काळ लोटला म्हणून अवैध बांधकाम वैध ठरत नाही, हे त्याच न्यायालयाने डिसेंबर २०२४ मध्ये पुन्हा बजावले आहे.

परंतु विलंबाचा सारा दोष नागरिकाच्या माथी मारणे आम्हांस अन्यायाचे वाटते. नोटीस काढून वर्षानुवर्षे स्वस्थ बसणारा अधिकारीही तितकाच दोषी आहे. ४ एप्रिल २०१३ रोजी मुंब्र्याजवळ शिळफाटा येथे बांधकाम चालू असलेली अनधिकृत इमारत कोसळून ७४ माणसे मेली. वेळीच अंमलात न आलेल्या कायद्याची किंमत ती हीच.

सर्वोच्च न्यायालयाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी घालून दिलेला दंडक येथे मार्गदर्शक ठरावा. पाडकामापूर्वी पंधरा दिवसांची नोटीस, सुनावणी, आणि अंतिम आदेशानंतर पुन्हा पंधरा दिवसांची सवड, असा तो दंडक आहे. रस्ते, पदपथ, नदीपात्रे येथील अतिक्रमणांस ही सवलत नाही. हे दिवस दाद मागण्यासाठी दिलेले आहेत, पुढाऱ्यांचे उंबरे झिजविण्यासाठी नव्हेत.

तेव्हा आमची मागणी साधी आहे. नगरपंचायती व जिल्हा प्रशासन यांनी प्रत्येक नोटीस बांधणाऱ्याइतकीच त्या इमारतीच्या दर्शनी भिंतीवर लावावी आणि दाद कोठे व किती दिवसांत मागावयाची, हे तिच्यात मराठीत स्पष्ट लिहावे. घर घेणाऱ्याने घरपट्टीच्या पावतीवर विसंबू नये. मंजूर नकाशा व परवाना मागावा, आणि नोटीस दिसताच त्याच आठवड्यात वकील गाठावा. न्यायालयाचे दार उशिरा ठोठावणाऱ्याचे घर वाचतेच असे नाही. वेळीच ठोठावले तर निदान त्याचे म्हणणे तरी ऐकले जाते.