सही कोणाची, जोखीम कोणाची?

आमच्या लोंढा जंक्शनावरून मालगाड्या कॅसलरॉकचा घाट उतरून मुरगाव बंदराकडे जातात. डब्यांत काय भरले आहे, हे फलाटावरच्या माणसाला दिसत नाही. त्याने कागदावरच विश्वास ठेवायचा. या कागदाविषयीच आज लिहावयाचे आहे.

माझा एक जुना विद्यार्थी वास्कोला मालरवानगीच्या कचेरीत, म्हणजे फॉरवर्डिंग एजंटाकडे, नोकरीस आहे. परवा तो घरी आला आणि चहा निवेपर्यंत गप्पच बसला. मग म्हणाला, "गुरुजी, एका गिऱ्हाइकाने काही पिंपे आणली आहेत. कागदावर 'रंगाचे सामान' असे आहे, पण वास निराळाच येतो. मालक म्हणतात, आपल्याच नावाने नोंद कर, तुझे काय जाते?"

काय जाते, याचे उत्तर मुंबईच्या गोदीत मिळते. १४ एप्रिल १९४४ रोजी व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टिकिन' जहाजाचा स्फोट झाला. जहाजात सुमारे १,४०० टन दारूगोळा होता आणि कराचीला त्यावर कापसाचे हजारो गठ्ठे चढविलेले होते. धोक्याचे लाल निशाण जहाजावर लावलेले नव्हते. दुपारी कापसाने पेट घेतला आणि चार वाजून गेल्यावर दोन प्रचंड स्फोट झाले. आठशेहून अधिक माणसे मेली. त्यांत अग्निशामक दलाचे ६६ जवान होते. आजही १४ एप्रिलला देशभर त्यांचे स्मरण होते. नुकसानभरपाईसाठी सरकारला खास वटहुकूम काढावा लागला. तो युद्धकाळ होता, सरकार पाठीशी उभे राहिले. शांततेच्या काळात मात्र भरपाईचा हिशेब कागदावरील नावाजवळ येऊन थांबतो.

समुद्रमार्गे मालवाहतुकीचा आपला १९२५ चा कायदा या बाबतीत स्पष्ट होता. ज्वालाग्राही, स्फोटक वा धोकादायक माल वाहकाला त्याचे स्वरूप न कळविता चढविला, तर वाहकाने तो कोठेही उतरवावा, नष्ट करावा, भरपाई नाही. उलट त्यातून प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष होणारे सारे नुकसान माल पाठविणाऱ्याच्या माथी. २०२५ मध्ये संसदेने या कायद्याची जागा घेणारा नवा कायदा संमत केला.

"मला ठाऊक नव्हते" हेही चालत नाही. सेनेगलमधून निघालेल्या एका जहाजात भुईमुगाच्या पेंडीमध्ये खपरा नावाची धान्यातील कीड निघाली. पेंडीबरोबर जहाजातील गहूही समुद्रात टाकून द्यावा लागला. पाठविणाऱ्याला किडीची कल्पना नव्हती. तरीही १९९८ मध्ये इंग्लंडच्या हाउस ऑफ लॉर्ड्सने त्यालाच जबाबदार धरले. धोकादायक म्हणजे केवळ स्फोटक नव्हे, हेही त्या निकालाने सांगितले.

आता एजंटाचे पाहू. मालकाचे नाव उघड सांगून केवळ त्याच्या वतीने त्याने करार केला, तर १८७२ च्या करार कायद्याच्या कलम २३० प्रमाणे तो सामान्यतः स्वतः बांधला जात नाही. पण मालकाचे नाव झाकले, तर तो बांधला गेला असेच गृहीत धरतात. आणि माल पाठविणाऱ्याच्या रकान्यात स्वतःचेच नाव लिहिले, तर जहाजवाल्याच्या लेखी माल पाठविणारा तोच! पुढे गिऱ्हाइकाकडून वसुली करण्याचा हक्क राहील. परंतु ते गिऱ्हाईक सापडावयास हवे.

मी त्याला सांगितले, "बाळ, गिऱ्हाइकाकडून मालाचे रासायनिक नाव लेखी घे, कारखान्याचे सुरक्षापत्रक माग, आणि दोन्ही जहाजवाल्याला दाखव. तोवर सही करू नकोस."

आठ दिवसांनी त्याचे पत्र आले. पत्रक मागताच गिऱ्हाइकाने पिंपे उचलून नेली. मालकाने त्याला चार शब्द सुनावले, पण नोकरी राहिली. शेवटी एक ओळ होती: "गुरुजी, ती पिंपे आता कोणाच्या सहीने जाणार, हे मात्र मला कळले नाही."

त्या ओळीचे उत्तर मी अजून लिहिलेले नाही.