ब्लॅकआउटची मजा



बरेच दिवस मनात असलेलं एकदा लिहून टाकतो. थोडं लांबेल, सांभाळून घ्या. काहींना पटणार नाही, त्यांनी खुशाल झोडावं.

मे २०२५ मध्ये पहलगामनंतर भारत-पाकिस्तान पुन्हा एकमेकांना भिडले, तेव्हा आपण इंग्लंडातली मराठी माणसं काय करत होतो? मी माझं सांगतो. सोफ्यावर बसून, चहा पीत, एका हाताने चॅनेल बदलत, दुसऱ्या हाताने "आता एकदाचा सोक्षमोक्ष लावूनच टाका" असा मेसेज मी चार ग्रुपांवर पाठवला. उत्साहाच्या भरात पुढे हेही लिहिलं, "आम्ही ७१ चं युद्ध पाहिलंय, आम्हाला ब्लॅकआउटची भीती नाही!" पटापट अंगठे आले.

आज माझं भांडण आहे ते ह्या शेवटच्या वाक्याशी. कारण "आम्ही युद्ध पाहिलंय" ही आमच्या पिढीची फार मोठी थाप आहे.

१९७१ साली मी तिसरीत होतो. गिरगावात चाळीत दोन खोल्या, आईबाबा आणि आम्ही तीन भावंडं. ३ डिसेंबरच्या संध्याकाळी पाकिस्तानी विमानांनी आपल्या पश्चिमेकडच्या विमानतळांवर बॉम्ब टाकले. मध्यरात्रीनंतर इंदिराबाई रेडिओवर बोलल्या आणि दुसऱ्या दिवसापासून आमची चाळ बदललीच. आईने कणकेची खळ शिजवली. काचांना आडव्यातिडव्या कागदाच्या पट्ट्या लागल्या, म्हणजे काच फुटली तरी उडायला नको, आणि त्यावर खाकी कागद. दिव्याला काळ्या कागदाची टोपी. रस्त्यावरच्या मोटारींच्या हेडलाईटना वरून अर्धा काळा रंग, त्यामुळे सगळ्या मोटारी झोप आल्यासारख्या दिसायच्या. फट राहून कुठे उजेड दिसलाच, तर खालून वॉर्डनची आरोळी यायची, "एऽ तिसरा मजला, लाईऽऽट!" हे वॉर्डन म्हणजे एरवी आमचा बॉल जप्त करणारे पलीकडच्या खोलीतले काका. पण दंडाला पट्टा बांधल्यापासून त्यांच्यापुढे पोलीस कमिशनरही फिका.

दत्तजयंती नुकतीच होऊन गेली होती, त्यामुळे वर भलामोठा चंद्र. बाबा म्हणायचे, "ह्याला कोण कागद लावणार?" शाळेत शिकवलं होतं की भोंगा खालीवर झाला की पालथं झोपायचं, कोपरांवर छाती उचलायची, कानात बोळे, दातांत खोडरबर. माझा रबर वासाचा होता. मी तो युद्धात अर्धा खाल्ला. दिवसा गॅलरीत लढाई-लढाई खेळायचो. पाकिस्तान व्हायला कोणीच तयार नसे, मग शेंडेफळ म्हणून माझ्या धाकट्या भावाला करायचे. तेरा दिवस तो बिचारा रोज हरत होता. १६ तारखेला ढाक्यात शरणागती झाली, त्र्याण्णव हजार कैदी झाले, चाळीत पेढे वाटले आणि कागद निघाले. आम्हा पोरांना मनापासून वाईट वाटलं. एवढ्यात संपलं?

ही गोष्ट मी गेली पस्तीस वर्षं इथे पार्ट्यांतून सांगत आलोय. अगदी भोंग्याच्या आवाजासकट. लोक हसतात. तुमच्यापैकी निम्म्यांकडे अशीच गोष्ट आहे, मी ऐकलेल्या आहेत. कोणाची दादरची, कोणाची पुण्याची, एकाची तर जामनगरची. आवाजात दिवाळीची सुट्टी.

ह्या गोष्टीचा एक तुकडा मात्र मी कधी सांगत नव्हतो. ७२ च्या मे महिन्यात आजोळी गेलो, सातारा जिल्ह्यात. त्या मुलखात घरटी एक माणूस फौजेत. अपशिंगे तिथून लांब नाही, जिथले ४६ जण पहिल्या महायुद्धात गेले आणि ज्या गावाच्या नावातच 'मिलिटरी' आहे. रात्री अंगणात मी आपला नेहमीचा कार्यक्रम सुरू केला. भोंगा, वॉर्डन, रबर. मामेभावंडं खूश. मामी मध्येच उठून परसात गेली. तिचा भाऊ जंगी पलटणीत होता. डिसेंबरात जमालपूरला मराठ्यांनी जी लढाई मारली, तिच्यातून तो परत आला नाही. मला हे कोणी सांगितलं नव्हतं. आजी रागावली नाही. एवढंच म्हणाली, "आमच्याकडं भोंगा न्हाई बाबा वाजत. पोस्टमन येतो सायकलवरनं."

आठ वर्षांच्या मुलाने हे विसरावं, ठीक आहे. साठीच्या माणसाने?

तर पुन्हा २०२५. माझ्या एका मित्राची मुलगी पंजाबात असते, नवरा हवाई दलात. ८ मे ला इथे संध्याकाळचे पाच वाजले असतील, मी मोठ्या उत्साहाने व्हिडिओ कॉल लावला. स्क्रीनवर नुसता काळोख. मग टॉर्चवर कापड टाकलेलं असावं तसा थोडा लालसर उजेड आणि त्यात तिचा सहा वर्षांचा मुलगा. "आजोबाऽ, आम्ही बाथरूममध्ये कॅम्पिंग करतोय! मम्मीने गादी घातलीय! मॅगी पण आहे!" पोरगा नुसता उड्या मारत होता. मी त्याला माझी वासाच्या रबराची गोष्ट सांगायला लागलो. तेवढ्यात फोन तिने घेतला आणि अगदी हळू आवाजात म्हणाली, "काका, बाथरूमला खिडकी नाहीये म्हणून इथे. ह्याचे बाबा परवापासून घरी आलेले नाहीत. तुम्ही प्लीज नंतर फोन करा." आवाज अगदी नॉर्मल. हात मात्र हलत असावा, कारण चित्र हलत होतं.

माझा मेसेज त्या ग्रुपांवर अजून तसाच होता. अंगठे वाढतच होते.

आम्ही राहतो कॉव्हेंट्रीजवळ. शेजारच्या आजी नव्वदी ओलांडलेल्या. १४ नोव्हेंबर १९४० च्या रात्री जर्मनांनी कॉव्हेंट्री भाजून काढली तेव्हा त्या सात वर्षांच्या. जुनं कॅथीड्रल त्याच रात्री पडलं, पाचशेच्या वर माणसं मेली. पण आजींच्या गोष्टी माझ्यासारख्याच, मजेच्या! लहान मुलांचा तो लाल मिकी माऊस गॅस मास्क, सकाळी रस्त्यावर बॉम्बचे तुकडे गोळा करून गोट्यांसारखी केलेली अदलाबदल. त्या पंजाबच्या फोननंतर दोन दिवसांनी मी त्यांना सहज विचारलं, "आणि तुमची आई काय करायची हो?" बाई थांबल्या. मग म्हणाल्या, "जिन्याखालच्या कपाटात आम्हाला बसवून ती मोठमोठ्याने गायची. रात्र रात्र. बाहेरचं ऐकू येऊ नये म्हणून. तिला गाण्याची अजिबात आवड नव्हती. लढाई संपल्यावर ती गायलेली मला आठवत नाही."

तेव्हा कुठे माझी ट्यूब पेटली, आमच्या आईने सांगितलेलं आठवून. मला वाटतं कारगिलच्या वर्षी, १९९९ ला, मी भारतात गेलो होतो तेव्हा. टीव्हीवर बातम्या चालू होत्या, मी माझी ब्लॅकआउटची टेप लावली होती. आई भाजी निवडता निवडता म्हणाली, "दारामागे एक पिशवी असायची, आठवते का तुला? रेशनकार्ड, माझ्या बांगड्या, पोहे आणि तुमचा एकेक जोड. बाबांची रात्रपाळी असायची. तिघांना घेऊन तीन जिने उतरायचे आणि माझे हात दोन. कोणाला आधी उचलायचं ते मी ठरवून ठेवलं होतं." मी हसून विचारलं, "कोणाला गं?" ती म्हणाली, "जाऊ दे." मीही जाऊ दिलं. बातम्या बघायच्या होत्या ना!

म्हणजे आम्हाला ज्याची मजा वाटली ते युद्ध नव्हतंच. ती आईची कामगिरी होती. युद्ध त्या पिशवीत होतं, आणि तिने ते आमच्या हाताला लागू दिलं नाही. कॉव्हेंट्रीच्या त्या बाईने तेच केलं, पंजाबातल्या ह्या मुलीनेही तेच. आणि आम्ही, तिने राखलेली पोरं, मोठेपणी तीच मजा पुरावा म्हणून नाचवतो की बघा, युद्ध काही एवढं वाईट नसतं!

लगेच काही जण विचारतील, मग काय मार खाऊन गप्प बसायचं? मी असं म्हणालेलो नाही. ७१ मध्ये कोटीभर निर्वासित अंगावर आले होते. आपण पाच पैशांचं जादा तिकीट पत्राला लावत होतो त्यांच्यासाठी. सरकारपुढे फारसा मार्ग राहिला नव्हता असंच मी आजही मानतो. लढायची वेळ येते, ती ठरवायला माणसं असतात, आणि त्यांना जाब विचारणारे मतदारही असतात. माझं भांडण आहे ते लढाईच्या भुकेशी, आणि तीही अशांच्या, ज्यांच्या ताटात काही पडणार नाही. आपलं घर इथे, पोरं इथे, पेन्शन इथे. पूंछमध्ये तोफेने घरं पडली, मुलं गेली. त्या दिवशी माझ्याकडे फार तर नेट स्लो होतं. १० मे ला शस्त्रसंधी झाली तेव्हा ग्रुपवर चक्क हळहळ होती. "एवढ्यात संपलं?" शब्द ओळखीचे वाटले. फरक एवढाच की तेव्हा मी आठ वर्षांचा होतो.

देशप्रेम उतू जात असेल तर ७ डिसेंबरला सशस्त्र सेना ध्वजदिन असतो, जवानांच्या कुटुंबांसाठी निधी गोळा होतो. कारगिलच्या वेळी आपल्यातल्या कितीतरी जणांनी सढळ हाताने दिलं होतं. नंतर किती जणांनी चालू ठेवलं, ते ज्याचं त्याला ठाऊक. मी नव्हतं ठेवलं.

तो मेसेज मी पुसून टाकला. उशिरा, पण पुसला. एकाने विचारलं, "काय काका, घाबरलात?" त्याला उत्तर दिलं नाही, हेच ते उत्तर समजावं.

आई २०१४ साली गेली. नातू अजूनही ब्लॅकआउटची गोष्ट मागतो आणि मी सांगतो, भोंग्यासकट. पण आता दारामागची पिशवीही सांगतो. परवा त्याने विचारलं, "मग पणजीने कोणाला उचललं असतं आधी?" माझी बहीण समोरच बसली होती. आम्ही दोघं एकमेकांकडे बघत राहिलो.