दहात चार

टीव्हीवरच्या खेळावर अग्रलेख कशाला, असे काही कार्यकर्ते विचारतील. खुशाल विचारावे. मतांची बेरीज कशी जमते आणि कशी फिसकटते, हे इतके उघडेवाघडे आम्ही दुसरीकडे पाहिलेले नाही.

अमेरिकेच्या सीबीएस वाहिनीने २००० साली 'सर्व्हायवर' हा खेळ दाखवला. मलेशियातील पुलाऊ तिगा बेटावर १६ माणसे, ३९ दिवस. खायची इतकी आबाळ की काहींनी उंदीर भाजून खाल्ले. ठरल्या दिवशी मतदान करून एकेकाला घालवायचे. शेवटी उरेल त्याला १० लाख डॉलर. आधी तागी आणि पागाँग अशा दोन टोळ्या होत्या. दोन्हीकडचे पाच-पाच उरले तेव्हा त्या एक केल्या.

तागीतल्या रिचर्ड हॅचने आधीच चौघांची मोट बांधली होती: तो स्वतः, ट्रक चालवणारी स्यू हॉक, केली विगल्सवर्थ आणि नौदलातून निवृत्त झालेले ७२ वर्षांचे रुडी बोश. पागाँगवाल्यांना असा गट करणे कमीपणाचे वाटे. टोळ्या एक झाल्यावर पहिले मतदान झाले. पागाँगच्या कर्तबगार ग्रेचेन कॉर्डीविरुद्ध चार मते पडली. उरलेली सहा मते सहा निरनिराळ्या नावांवर. ग्रेचेन गेली. दहात चार हे बहुमत नव्हे. पण सहा जण आपापल्या मनाला साक्षी ठेवून सहा दिशांना गेले की चारच पुरतात. सोसायटीच्या निवडणुकीत आपण काय वेगळे करतो?

डॉक्टर शॉन केनिफची तऱ्हा आणखी न्यारी. कोणाचे मन दुखवू नये म्हणून तो नावांच्या इंग्रजी अक्षरक्रमाने मत देऊ लागला, आणि तसे सांगूनही बसला. जेनाचे अक्षर आले तेव्हा हॅचच्या गटाने तिच्यावरच नेम धरला. तटस्थाचे मतही कोणाच्या तरी पदरात पडतेच.

पागाँगचे पाचही गेले, मग शॉन गेला. आता चौघांवरच आले. हॅच आणि स्यू यांच्यात २-२ अशी बरोबरी झाली. फेरमतदानात केलीने आपल्या मैत्रिणीची साथ सोडली. स्यू गेली. शेवटच्या कसोटीतून हॅच आपण होऊन बाजूला झाला. केली जिंकली आणि रुडींना काढण्याचे काम तिच्या हातून झाले. हॅचला शब्द मोडावा लागला नाही. कावेबाज माणूस, आम्हाला तो आवडला नाही. पण त्याला शिव्या देऊन पागाँगची चूक झाकली जात नाही.

शेवटचा निवाडा मात्र घालवलेल्यांपैकीच सात जणांच्या हाती होता. हरवलेल्यांकडेच मते मागायची होती. हॅचला ४, केलीला ३. रुडींनी शब्द पाळला, हॅचला मत दिले. स्यूनेही त्यालाच दिले, आणि देण्यापूर्वी केलीला सगळ्यांदेखत उंदराची उपमा दिली. ते एक मत फिरले असते तर १० लाख डॉलर केलीचे होते.