अर्ध्या तासाचें जेवण

शाळेच्या वार्षिक अंकांत मराठी विभागासाठीं शिक्षकांनीं लिहावें, तें बहुधा वाचनाविषयीं, शिस्तीविषयीं अगर मातृभाषेच्या हेळसांडीविषयीं. आम्हींही आजवर तेंच केलें. यंदा मात्र आम्ही कोंबडीच्या खिम्याचा सॉस घातलेल्या पास्त्याविषयीं लिहिणार आहों. आणि तोही सणावाराचा नव्हे, तर आठवड्याच्या मधल्या एखाद्या वारीं, शाळा सुटल्यावर, अर्ध्या तासांत होणारा. कोणास हंसूं आल्यास त्यानें खुशाल हंसावें. परंतु हंसणारा मुलगा असेल, तर त्यानें हा लेख शेवटपर्यंत वाचावा अशी आमची विनंती आहे, कारण तो मुख्यतः त्याच्यासाठींच लिहिला आहे.

गेल्या पावसाळ्यांत आमच्या पत्नी आठ दिवस तापानें अंथरुणावर होत्या. त्याही शिक्षिका आहेत, व अठरा वर्षांच्या संसारांत आम्ही दोघें सायंकाळीं बहुधा एकाच वेळीं घरीं येत आलों आहों. घरीं आल्यावर आम्ही वह्यांचा गठ्ठा घेऊन खुर्चीवर बसावें व त्यांनीं पदर खोचून ओट्याशीं उभें राहावें, हा क्रम आमच्या इतका अंगवळणीं पडला होता, कीं त्यांच्याही पिशवींत तितक्याच वह्या असतात व त्या रात्रीं दहानंतर तपासल्या जातात, ही गोष्ट आमच्या कधीं ध्यानांतच आली नाहीं. पहिल्या सायंकाळीं आम्हीं भात लाविला; तो खालीं करपला व वर कच्चा राहिला. दुसऱ्या दिवसापासून जेवण बाहेरून आणविलें. चौथ्या दिवशीं तें तेलकट अन्न पाहून रुग्णानें तोंड फिरविलें, आणि आमच्या धाकट्या मुलीनें विचारलें, "पप्पा, तुम्हांला कांहींच येत नाहीं का?" पदवी पदरीं असलेल्या गृहस्थाजवळ या प्रश्नाचें उत्तर असावयास हवें होतें. तें नव्हतें.

पांचव्या दिवशीं आमचा भाचा आला. तो पुण्यास अभियांत्रिकीच्या तिसऱ्या वर्षांत शिकतो, व तिघां मित्रांसह खोली घेऊन राहतो. त्यानें घरांतील अवस्था पाहिली, आमच्या हातीं सुरी दिली व म्हणाला, "मामा, तुम्ही फक्त कांदा चिरा. बाकी मी बघतों." पाऊण तासानें सर्वांनीं पोटभर पास्ता खाल्ला, व ज्यांच्यासाठीं मिरपूड न घालतां वेगळा काढला होता, त्यांनींही चार दिवसांत प्रथमच थाळी रिकामी केली.

येथें आमच्या एका वयोवृद्ध सहकाऱ्यांचा आक्षेप नमूद केला पाहिजे. ते म्हणाले, "अहो, पिठलें-भात असतांना हें इटालियन खूळ कशाला?" आक्षेप वजनदार आहे. घाईच्या वेळचें जेवण म्हणून पिठल्यास तोड नाहीं, व आमच्या घरीं तें आजही आठवड्यांतून दोनदां होतें. परंतु पिठल्यांत गुठळी होऊं न देणें व भाकरी थापणें यांस हात बसावा लागतो; नवख्यास पहिल्या दिवशीं तें साधत नाहीं, आणि पहिल्या दिवशीं फजिती झालेला मुलगा दुसऱ्या दिवशीं स्वयंपाकघराकडे फिरकत नाहीं. पास्ता हें घड्याळावर शिजणारें अन्न आहे. पुडक्यावर मिनिटें छापलेलीं असतात. शिवाय मुलास तो खावयास आवडतो, ही गोष्ट क्षुल्लक नाहीं.

तो वाटतो तितका परकाही नाहीं. इटलींत १९६७ सालच्या कायद्यानें सुका पास्ता ड्यूरम नांवाच्या कठीण गव्हाच्या रव्याचाच असला पाहिजे असें ठरविलें. त्याच जातीचा गहूं आपल्याकडे बन्सी या नांवानें पिढ्यान् पिढ्या पेरला जात आला आहे. उन्हाळ्यांत अंगणांत खाटेवर शेवया वाळत घालणाऱ्या आमच्या आजीस पास्ता दाखविला असता, तर तिनें फक्त 'जरा जाड झाल्या' एवढेंच म्हटलें असतें.

सॉसाची गोष्ट मात्र निराळी. त्याचें घराणें मोठें व मानी आहे. बारीक केलेलें मांस मंद आंचेवर शिजवून केलेल्या सॉसास इटलींत रागू म्हणतात, व त्यांत बोलोन्या शहराचा रागू सर्वांत नांवाजलेला. त्या शहराचा आपल्या अन्नाविषयींचा अभिमान पाहून पुणेकरही मान खालीं घालतील. १९७२ सालीं तेथील व्यापारी मंडळाकडे ताल्यातेल्ले नांवाच्या पट्टीसारख्या पास्त्याची सोन्याची प्रत ठेवण्यांत आली. शिजल्यावर पट्टीची रुंदी आठ मिलिमीटर भरावी असें त्यांत ठरविलें आहे. पुढें १७ ऑक्टोबर १९८२ रोजीं इटालियन पाकविद्येच्या अकादमीनें रागूची कृतिच त्या मंडळाच्या दप्तरीं रीतसर नोंदविली. तींत गोमांस, डुकराचें खारविलेलें मांस, कांदा, गाजर, सेलरीचा दांडा, थोडा टोमॅटो, द्राक्षाची मदिरा व दूध हीं आहेत, आणि चुलीवर निदान दोन तास आहेत. कोंबडीच्या खिम्यास तेथें जागा नाहीं, आणि अर्ध्या तासास तर मुळींच नाहीं.

तेव्हां भाच्याच्या सॉसास बोलोन्याचा रागू म्हणणें ही लबाडी होईल, व तसें आम्ही म्हणत नाहीं. पण दप्तरांतील अक्षर म्हणजे काळ्या दगडावरची रेघ, असेंही कोणी समजूं नये. व्यापारांतून निवृत्त झालेल्या पेल्लेग्रीनो आर्तुसी या गृहस्थानें १८९१ सालीं फ्लॉरेन्स येथें पदरमोड करून पाकशास्त्राचें एक पुस्तक छापलें. प्रकाशक मिळाला नव्हता. पुढें तें घरोघर गेलें. त्यांत बोलोन्याच्या पद्धतीचा जो मांसाचा सॉस दिला आहे, त्यांत टोमॅटो नांवालाही नाहीं, आणि मर्जी असल्यास कोंबडीचें काळीज घालावें अशी मुभा आहे. खुद्द अकादमीनेंही २०२३ सालीं आपली कृति सुधारून पुन्हा नोंदविली, व दूध ऐच्छिक ठरविलें. रक्षकच जेथें एक्केचाळीस वर्षांनीं लेखणी उचलतात, तेथें आमच्या भाच्यावर खटला भरण्याचें कारण दिसत नाहीं.

आणि आमचा मुख्य मुद्दा असा, कीं कोंबडीचा सॉस लवकर करणें हा आळस नव्हे. तो त्या मांसाचा धर्मच आहे. बैलाच्या राबलेल्या स्नायूंत चिवट तंतु पुष्कळ असतात. ते तासन् तास मंद आंच लागल्यावरच विरघळून मऊ होतात, व त्यांच्यामुळेंच सॉसास दाटपणा येतो. बाजारांतील कोवळ्या कोंबडींत हे तंतु थोडे. तिला दोन तास शिजविल्यास ती अधिक चांगली होत नाहीं. तिचा रस निघून जाऊन भुसा उरतो. ज्यास वेळ लागतो त्यास वेळ द्यावा. ज्यास लागत नाहीं त्यास उगीच ताटकळत ठेवूं नये.

घाई करूं नये तें दोन ठिकाणीं. एक कांद्याशीं. दोन कांदे, एक गाजर व लसणाच्या पांच पाकळ्या बारीक चिरून तेलांत टाकल्या, कीं कांदा मऊ व सोनेरी होईपर्यंत, म्हणजे सात-आठ मिनिटें, निमूटपणें ढवळीत राहावें. दुसरें खिम्याशीं. चार माणसांस चारशें ग्रॅम खिमा पुरतो, व तो शक्यतों तंगडीच्या मांसाचा घ्यावा. छातीचा कोरडा होतो. तो पसरट कढईंत पसरून मोठ्या आंचेवर तीन मिनिटें अजिबात हलवूं नये. नवशिका येथेंच चुकतो. तो कालथा थांबवीत नाहीं. मग मांसास पाणी सुटतें, व तें तळलें न जातां उकडलें जातें. खालची बाजू तांबूस झाली म्हणजे मोडून उलटावें, मीठ व मिरपूड घालावी, आणि अर्धा किलो पिकलेले टोमॅटो किसून घालावे. दहा मिनिटांत सॉस होतो. खिमा नळाखालीं धुवूं नये. त्यानें जंतु जात नाहींत, उलट ओटाभर उडतात. ते मरतात आंचेनें. खिम्यांत कोठेंही गुलाबी छटा राहूं नये. उष्णतामापक असल्यास आंतील उष्णता ७४ अंश भरावी. सुरी, पाट व हात मात्र साबणानें धुवावे.

इतक्या अवधींत शेजारच्या शेगडीवर पाणी उकळलेलें असतें, कारण तें सर्वांच्या आधीं ठेवावयाचें असतें. इटलींतील नियम शंभर ग्रॅम पास्त्यास एक लिटर पाणी व दहा ग्रॅम मीठ असा आहे; आमच्या घरीं साडेतीनशें ग्रॅमांस तीन लिटरांत काम भागतें. पुडक्यावरील वेळेच्या एक मिनिट आधीं पास्ता काढावा. तो थंड पाण्याखालीं धरूं नये, व त्याचें पाणी सगळें मोरींत ओतूं नये. एक वाटी राखून ठेवावें. त्यांत गव्हाचें सत्त्व उतरलेलें असतें. पास्ता सॉसांत टाकून तें थोडथोडें घातलें व दोन मिनिटें परतलें, म्हणजे सॉस पास्त्यास धरून राहतो, ताटांत वेगळा वाहत नाहीं. वरून किसलेलें चीज घालावें. इटलींतलें जुनें चीज महाग पडतें. आपल्याकडील चौकोनी वडीचें घातल्यास आम्ही हरकत घेणार नाहीं. हरकत आहे ती बाटलींतील गोड सॉसास. तो ओतला म्हणजे कोंबडी, कांदा, टोमॅटो या सर्वांची चव एक होते, व ती साखरेची असते. या बाबतींत आमच्या मुलाचें व आमचें अद्याप पटलेलें नाहीं.

भाच्यास हें सर्व पस्तीस मिनिटांत साधतें. आम्हांस पन्नास लागतात.

आतां कोणी विचारील, एका पदार्थाचें एवढें स्तोम कशाला? २०१९ सालीं भारत सरकारनें लोकांच्या दिवसाचा वेळ कसा जातो याची देशभर पाहणी केली. सहा वर्षांवरील स्त्रियांपैकीं ८१.२ टक्के स्त्रिया घरांतील बिनपगारी कामें करीत होत्या, पुरुषांपैकीं २६.१ टक्के. जीं करीत होतीं त्यांचाही सरासरी वेळ पाहिला, तर स्त्रियांचा दिवसास २९९ मिनिटें व पुरुषांचा ९७. हे आंकडे आम्हीं पूर्वीं एकदां वर्गांत सरासरी शिकवितांना फळ्यावर लिहिले होते. उदाहरण बरोबर सुटलें, घंटा झाली, आम्ही घरीं गेलों व वह्या घेऊन खुर्चीवर बसलों.

आमच्या शाळेंतून बाहेर पडणारा मुलगा वर्गसमीकरण सोडवितो, निबंध लिहितो, मैदानावर नांव काढतो. नोकरीनिमित्त तो परगांवीं जातो, व तेथें पहिल्याच आठवड्यांत डब्यावाल्याच्या मर्जीवर जगूं लागतो. लग्न झालें म्हणजे डब्यावाल्याची जागा पत्नी घेते. मुलींस मात्र हें आपोआप येतें असें आपण गृहीत धरतों. आपोआप कांहीं येत नाहीं, त्यांस लहानपणींच ओट्याशीं उभें केलेलें असतें इतकेंच. हा दोष घरांचा म्हणून शाळेनें हात झटकूं नयेत. आम्ही स्वतः याच वर्गांतून शिकून गेलेले आहों, व आमचा करपलेला भात वर सांगितलाच आहे.

यासाठीं आमची सूचना अशी, कीं पुढील जूनपासून नववीच्या मुलांस महिन्यांतून दोन शनिवारीं स्वयंपाक शिकवावा. प्रथम आमच्या मनांत रसायनशाळेंतील शेगड्या होत्या. परंतु जेथें आम्लें हाताळतात तेथें अन्न शिजवूं नये, असें आमच्या विज्ञानशिक्षकांनीं बजाविलें, व तें रास्त आहे. वसतिगृहाच्या आचाऱ्यांनीं दुपारीं दोन ते चार स्वयंपाकघर देण्याचें कबूल केलें आहे. भांडीं घासून परत मिळालीं पाहिजेत ही त्यांची एकच अट. एका वेळीं बारा मुलांची सोय होईल. आरंभ पास्त्यानें करावा व दिवाळीपर्यंत पिठल्यावर यावें, असा आमचा बेत आहे. मुख्याध्यापकांनीं अद्याप होकार दिलेला नाहीं, पण पालकांचीं पत्रें आलीं तर विचार करूं असें ते म्हणाले आहेत. पालकांनीं पत्रें कार्यालयांत आणून द्यावींत. वडिलांपैकीं कोणास शनिवारीं मुलांबरोबर कांदा चिरावयास यावयाचें असेल, तर त्यांनीं आपली सुरी घेऊन यावें. वसतिगृहांत तीनच आहेत, व त्यांतील एक बोथट आहे.