विणकर कोणाला म्हणायचे?

दरवर्षी ७ ऑगस्टला राष्ट्रीय हातमाग दिन पाळला जातो. १९०५च्या स्वदेशी चळवळीची आठवण म्हणून २०१५पासून ही प्रथा सुरू झाली. त्या दिवशी विणकरांचा गौरव होतो. म्हणूनच विणकर नेमके कोणाला म्हणायचे, याचा विचार व्हायला हवा.

संस्कृतात विणणाऱ्याला ‘तंतुवाय’ म्हणत. त्यातला ‘वे’ हा विणण्याचा धातू ‘ओतप्रोत’ या शब्दातही आहे. उभ्या-आडव्या धाग्यांसारखे एकमेकांत गुंतलेले, हा त्याचा मूळ अर्थ. बृहदारण्यक उपनिषदातील गार्गी याज्ञवल्क्यांना विश्व कशात ओतप्रोत आहे, हेच विचारते. ‘तंतुवाय’ हे जाळे विणणाऱ्या जिवाचेही नाव होते. विणकरासाठीचा दुसरा शब्द ‘कौलिक’. पंचतंत्रात विष्णूचे रूप घेणारा कौलिक भेटतो. मराठीत जाळे विणणाऱ्या त्या जिवाला ‘कोळी’ म्हणतात, तो शब्दही याच कुळातला मानला जातो.

पुढे या कामाची नावे जातींना चिकटली. साळी, कोष्टी, देवांग, पद्मशाली, मोमीन ही नावे ऐकताच आधी समाज आठवतो, मग माग. ‘कोष्टी’चा संबंध कोशाशी, म्हणजे कोसा रेशमाशी जोडतात, पण आज ते नाव सांगणाऱ्या अनेकांच्या घरी माग उरलेला नाही. ‘विणकर’ मात्र जन्म विचारत नाही. वीण करणारा तो विणकर, मग तो येवल्याचा असो वा मालेगावचा. हे या शब्दाचे मोठेपण आहे.

तरीही व्यवहारात तो अपुरा पडतो. २०१९-२०च्या चौथ्या हातमाग गणनेत देशात सुमारे ३५ लाख हातमाग कामगार नोंदले गेले. त्यांपैकी सुमारे २७ लाख विणकर आणि साडेआठ लाख ‘संलग्न’ कामगार. रहाटावर कांड्या भरणे, ताणा लावणे, सुताला खळ देणे ही कामे या दुसऱ्या रकान्यात जातात. अनेक घरांत ती बायका-मुली करतात आणि मजुरी मात्र पूर्ण झालेल्या कापडावर, मागावर बसणाऱ्याच्या हाती पडते. ताणा नीट लागला नाही, तर धोटा चालवणाऱ्याचे कसब वाया जाते.

म्हणून सहकारी संस्थांनी सभासदांच्या यादीत या हातांची स्वतंत्र नावे घालावीत, कामाचा दर वेगळा ठरवावा आणि तो त्यांच्याच खात्यात जमा करावा. वीण करणारा तो विणकर, हा अर्थ आपण खरा मानत असू, तर त्या विणीत ज्यांचा वाटा आहे त्या सर्वांना तो लागू व्हायला हवा.