जिन्याची चवथी पायरी

शनिवार पेठेंतील ज्या वाड्यांत आमचें तीन पिढ्यांचें बिऱ्हाड आहे, त्याच्या माडीच्या जिन्याची चवथी पायरी तीन वर्षें हालते आहे. मालक खालीं राहतात. त्यांचें म्हणणें, जिना चढतां तुम्ही, दुरुस्त तुम्हीच करा. आमचें म्हणणें, वाडा ज्याचा, जिनाहि त्याचाच. दरम्यान घरांतील मुलें ती पायरी वगळून चढावयास शिकलीं आहेत.

वाचकहो, हा तंटा क्षुल्लक खरा, पण त्याचें मूळ खोल आहे. १९४७ च्या मुंबई कायद्यानें जुनीं भाडीं १ सप्टेंबर १९४० च्या आंकड्याशीं जखडलीं. पुढें १९९९ चा महाराष्ट्र कायदा येऊन २००० सालापासून दरसाल ४ टक्के वाढ मिळूं लागली. पण मूळ भाडें १५ रुपये असल्यास पहिली वाढ ६० पैशांची! आज त्याचे फार तर ४० रुपये होतात. मालक दुरुस्ती करीत नसेल तर नोटीस देऊन आपण करावी व खर्च भाड्यांतून वळता करावा, अशीहि सोय आहे. मात्र वर्षाच्या भाड्याच्या चौथाईपुरतीच, म्हणजे १२० रुपये. तेवढ्यांत सुतार जिना पाहावयासहि येत नाहीं. मालकांच्या जागीं आम्ही असतों तर आम्हीहि कुरकुरलों असतों.

पानशेतचें धरण फुटलें तो १२ जुलै १९६१ चा दिवस. पाणी पेठेंत शिरलें तेव्हां ह्याच जिन्यानें मालकांच्या घरचीं माणसें आमच्या माडीवर आलीं. पुढें गाळ उपसला तो दोन्हीं घरांनीं मिळून. त्या श्रमांचा हिशेब कोणीं ठेवला नाहीं. साठ पैशांचा मात्र दोहींकडे चोख आहे.

त्या दिवशीं नवी सून म्हणून वर आलेल्या मालकांच्या मातोश्री आतां पंच्याऐंशीच्या घरांत आहेत. परवां संक्रांतीचा तिळगूळ घेऊन त्या आपण होऊन वर आल्या, आणि चवथ्या पायरीवर त्यांचा पाय सरकला. वहिनींनीं हात धरला म्हणून निभावलें. मालक खालून धांवत आले. आमच्याकडे पाहून कांहीं बोलले नाहींत. आम्हीहि बोललों नाहीं.

तीन वर्षांपूर्वीं ती पायरी निखळली, ती आमचें लोखंडी कपाट वर चढवितांना. हें आम्ही अद्यापि कोणाजवळ उच्चारलेलें नाहीं. सुतारास सकाळींच निरोप धाडला आहे. कपाटाची गोष्ट मात्र अजून खालीं जाऊन सांगावयाची आहे.